मण्यांआडचा सम्राट

दुपारची जेवणं आटोपून हेमांगी आईच्या खोलीत गार लादीवर आडवी होते. डोळे मिटतात, पण झोप अजून दाराबाहेरच घुटमळते आहे. समोरच्या भिंतीवर जेड सम्राटाचं चित्र आहे. चिनी ताओ धर्मातल्या स्वर्गाचा हा राजा तिच्या वडिलांनी, अण्णांनी, बोटीवर नोकरीला असताना पेनांगहून आणलेला. मुकुटावरून मण्यांच्या माळा त्याच्या तोंडावर लोंबतात. त्या बघून आईने पहिल्याच दिवशी विचारलं होतं, "हा नवरदेव कुणाचा?" तेव्हापासून घरात तो नवरदेवच.

"अजून बोहल्यावर चढला नाही गं हा," आई म्हणते.

आई माघात गेली. आता ती हेमांगीच्या उशाशी बसली आहे, निळं सुती पातळ नेसून. हेमांगी दचकत नाही. नवल करत बसलं तर ही उठून जाईल, एवढं तिला कळतं.

"त्या मुंडावळ्या नाहीत, आई. राजाला सगळंच दिसू नये म्हणून ते मणी असतात."

"तरीच. एवढे हात जोडले, पण याचं लक्ष म्हणून नाही."

लादी पुढे लांबत जाते आणि दोघी रांगेत उभ्या आहेत. रांग इस्पितळाच्या व्हरांड्यातून निघून ढगात शिरते. टोकाला अतिदक्षता विभागाचं काचेचं दार आहे, पलीकडे नुसतं आकाश. दाराशी रखवालदार सांगतो, "चपला काढा. पेशंट एकटाच आत." शेवटच्या दिवशीही हेमांगीला याच दाराबाहेर थांबवलं होतं. या वेळी ती आईला एकटीला सोडणार नाही. लहानपणी जत्रेत आई तिच्या फ्रॉकला पदर बांधून ठेवायची, तसं ती आपल्या ओढणीचं टोक आईच्या पदराला बांधते. वर आणखी एक गाठ मारते.

"खुळी कुठली," आई म्हणते, पण पदर ओढून घेत नाही.

दाराशेजारच्या टेबलामागे बसलेला सम्राट मण्यांआडून त्यांचं म्हणणं ऐकून घेतो. परत पाठवा हिला, एवढंच हेमांगीचं म्हणणं. तो थकल्या आवाजात म्हणतो, "माझ्या हातात नाही. वर विचारा."

वर कोण, ते हेमांगीने वाचलेलं आहे. वर 'तीन शुद्ध' म्हणतात ते तिघे देव आहेत, सगळ्याच्या आधीपासूनचे. त्यांतल्या थोरल्याने कारभार या सम्राटावर सोपवला आणि तो मोकळा झाला.

जिना तिच्या शाळेचा आहे, कठडाही तोच, गुळगुळीत. वरच्या वर्गात तीन म्हातारे बसले आहेत. एकाच्या हातात पंखा आहे.

"वारा तरी घाल म्हणावं," आई पुटपुटते. "हातात धरून काय बसलाय?"

"माझ्या आईला परत पाठवा," हेमांगी म्हणते. पुन्हा म्हणते. तिघांच्या चेहऱ्यावर राग नाही, दया नाही. खाली विचारा, एवढंही ते म्हणत नाहीत.

"चिडू नकोस त्यांच्यावर," आई हळूच सांगते. "सगळ्याच्या आधीचे ना ते? मग त्यांना आई कुठली? तू काय मागतेस, त्यांना कसं कळणार?"

पुन्हा तेच काचेचं दार. आईने चपला काढल्या आहेत.

"सोड आता, बाय."

"नाही."

"खांद्याला ओढ बसतेय गं."

"बसू दे."

आई हसते. रागवत नाही, गाठीला हातही लावत नाही. नुसती आत पाऊल टाकते. ओढणी ताठ होते, हेमांगीच्या मुठीत काचते. "मागे बघ तरी," ती म्हणते. काच मिटते. मुठीतली ओढ एकाएकी नाहीशी होते.

उन्हं कलली आहेत. हेमांगी लादीवर उठून बसते. सकाळीच इस्त्री केलेल्या ओढणीच्या टोकाला दुहेरी गाठ आहे, नखही शिरणार नाही अशी आवळलेली. मधे तेवढी जागा राहिली आहे, पदराचा पिळा मावेल इतकी. ती करंगळी आत घालून पाहते. करंगळी सहज जाते आणि पलीकडून बाहेर निघते.