पपईचा साबण

देल्फिन आगुस्तिनेसला फिलिपिन्समधल्या मारिकिनात दोन प्रकारची माणसं ओळखायची. मुलांसाठी तो तुरुंपो, म्हणजे भोवरा. लाल नाक, पिवळे केस, आणि बायकोने चपलांच्या कारखान्यात बसून खास त्याच्यासाठी शिवलेले हातभर लांब बूट. मोठ्यांसाठी तो केसोन सिटीतल्या कॉमेडी बारमधला देल्फिन. त्याच्या पुढ्यातल्या टेबलावर बसायला लोक घाबरायचे आणि तेच टेबल आधी सांगून अडवून ठेवायचे. मी दोन्हीकडे त्याच्याबरोबर असायची. मी सोराय, कीबोर्ड वाजवते. विनोद झाला की त्यावर ढँ-ढँग करून सूर मारायचा, हे माझं काम. विनोद जमला नाही तर जरा जोरात मारायचा.

तसा आधी तोही त्याच कारखान्यात तळवे कापायला होता. तिथे मुकादमाची नक्कल करायचा. मुकादमाने एकदा ती मागे उभं राहून पुरती बघितली आणि याला घरी पाठवलं. त्या वर्षीच्या जत्रेत त्याने तीच नक्कल स्टेजवर केली, पहिला आला, आणि बारवाल्याने त्याला उचलला. पुढची बावीस वर्षं तो लोकांची सालटी काढत होता.

आमच्याकडच्या बारमध्ये माणसं पैसे देऊन स्वतःची टर उडवून घ्यायला येतात. वाढदिवस असो, बढती असो, ज्याचा दिवस त्याला आधी पुढे ढकलायचं. एकदा एक जाडजूड बँकवाल्या बाई दोन मैत्रिणींना घेऊन आल्या. देल्फिन म्हणाला, "ताई, या दोघी मैत्रिणी, की डाएट केलं तेव्हा गळालेले तुकडे?" बाई डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसल्या आणि जाताना त्याच्याबरोबर फोटो काढून गेल्या. नियम एवढाच, की रागवायचं नाही. जो रागावला तो हरला, आणि मग सगळा बार त्याला हसतो.

शनिवार-रविवारी दुपारी मात्र हाच माणूस वेगळा असायचा. फुग्यांची कुत्री करायचा, बांबूच्या जाळीला खेळणी टांगून ती मुलांच्या डोक्यावर खालीवर नाचवायचा. बुटक्या मुलाच्या बाजूला जाळी थोडी जास्त खाली यायची, ते मी किती वेळा पाहिलं आहे. मुलांची थट्टा त्याने कधी केली नाही. एका बापाने स्वतःच्याच तोतऱ्या मुलाची नक्कल करायला सांगितली, तर हा नाक काढून खिशात टाकून निघाला होता. मला म्हणाला, "मोठ्यांना थट्टा कळते, सोराय. मुलांना ती खरी वाटते."

इतकं ज्याला कळत होतं, त्याने स्वतःच्या मुलीच्या बाबतीत असं का करावं? याचा मला आजही राग येतो.

मायुमी त्याची एकुलती एक. रंगाने बापावर गेलेली, सावळीच्या पलीकडची. शाळेच्या नाताळच्या नाटकात गोऱ्या मुली देवदूत व्हायच्या आणि हिला दरवर्षी मेंढपाळाची काठी मिळायची. सोळाव्या वर्षी तिने बापाला हळूच विचारलं, की रंग उजळवणारा पपईचा साबण आणून द्याल का, आईला न सांगता. आईला असले प्रकार खपत नव्हते. देल्फिन फुग्यांच्या पिशवीत लपवून दर महिन्याला दोन वड्या आणायचा. दोन वर्षं हे फक्त दोघांनाच माहीत होतं.

मग तिचा अठरावा वाढदिवस आला. आमच्यात त्या दिवशी मुलगी मोठी होते. अठरा पुरुष एकेक गुलाब देऊन तिच्याबरोबर नाचतात, अठरा बायका एकेक मेणबत्ती लावून दोन शब्द बोलतात. शेवटचा गुलाब बापाचा. वस्तीतल्या छपराच्या बास्केटबॉल कोर्टावर मांडव घातला होता. माईकवर दुसरा कुणी ठेव, असं मी त्याला बजावलं होतं. तर म्हणे, "माझ्याच घरच्या कार्याला मी भाड्याचा देल्फिन आणू?"

सतरा गुलाब झाले. मायुमी निळ्या झग्यात उभी होती, खरंच छान दिसत होती. आणि देल्फिनने माईक उचलला. ज्याचा दिवस त्याला आधी, ही इतक्या वर्षांची सवय. शिवाय पोरगी आजपासून मोठी.

"माझ्या लेकीने दोन वर्षं चोरून पपईचा साबण लावला," तो म्हणाला. "मोरीतली झुरळं गोरी झाली. ही आपली आहे तशीच."

कोर्ट हसून लोळलं. शाळेतल्या देवदूत टेबल बडवत होत्या. आणि मी ढँ-ढँग मारला. हात आपोआप गेला, असं मी बरीच वर्षं स्वतःला सांगत आले. पण विनोद चांगला होता, म्हणून मारला.

मायुमीसुद्धा हसली. न हसून सांगते कुणाला? मग त्याने अठरावा गुलाब दिला, ती त्याच्याबरोबर पूर्ण गाणंभर नाचली, फोटोत दोघं हसताहेत.

आठवडाभराने देल्फिन माझ्याकडे आला. चेहरा उतरलेला. म्हणाला, "सोराय, ती माझ्या प्रत्येक बोलण्यावर हसतेय. भात संपला म्हटलं तरी हसते. गिऱ्हाइकासारखी हसते ती मला."

ते हसणं पुढे थांबलंच नाही. पोरीने कधी भांडण काढलं नाही, कधी उलट उत्तर दिलं नाही, फक्त बापाला काही सांगणं बंद केलं. तिला कोण आवडतं, परीक्षेत काय झालं, सगळं आईकडून कळायचं. माफी माग म्हणून मी त्याच्या किती मागे लागले! तो म्हणायचा, "मागू कशी? मी तोंड उघडलं की ती हसायच्या तयारीतच असते." शिकून ती नर्स झाली, डब्लिनला गेली, तिथेच लग्न केलं. दर रविवारी फोन करायची आणि फोनवरही छान हसायची. बार बंद पडला, बायको गेली. तो गुडघ्यांना पट्टे बांधून तुरुंपो होत राहिला.

गेल्या मे महिन्यात मायुमी मुलीचा सातवा वाढदिवस करायला घरी आली. पोरीचं नाव अमिहान, रंग आजोबांचा. देल्फिनने महिनाभर आधी बुटांचे तळवे चिकटवले, मला कीबोर्ड काढायला लावला. कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी मायुमीने सांगितलं, की तिने दुसरा विदूषक ठरवला आहे. "तुम्ही दमता, ताताय. तुम्ही पाहुण्यांसारखे बसा." बापाने हो म्हटलं.

तर दुसऱ्या दिवशी दुपारी आम्ही दोघं पुढच्या रांगेत, हातात गोड स्पगेटीच्या प्लेट घेऊन. मायुमी शेजारी येऊन बसली. देल्फिनने प्लेट खाली ठेवली.

"मायुमी, तुझ्या अठराव्याला मी साबणाचं बोललो. चुकलं माझं."

ती हसली. मग विनोदाचं पुढचं वाक्य यायची वाट बघत राहिली. ते आलं नाही. तेव्हा तिचं हसणं हळूहळू ओसरलं.

"मी तुम्हाला दमता म्हणून नाही बसवलं," ती म्हणाली. "अमिहानसमोर तुमच्या हातात माईक द्यायची मला भीती वाटते."

पंधरा वर्षांत ती त्याच्याशी पहिल्यांदा खरं बोलत होती, आणि ते हे होतं. देल्फिन म्हणाला, "बरोबर आहे तुझं."

एवढ्यात तो नवा विदूषक, पंचविशीतला पोरगा, माईक घेऊन आमच्यापुढे आला. त्याला काय माहीत कोण बसलंय! पुढच्या रांगेतला म्हातारा दिसला, एवढंच. "आजोबा, शर्टाला इस्त्री केली, मग चेहऱ्याला का नाही केली?" लोक हसले. "आणि एवढे रडवेले का? केक संपला, की दात घरी राहिले?" लोक अजून हसले. देल्फिनही हसला. नियम त्याला माहीत होता. त्याचं खोटं हसणं मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकलं.

मायुमीलाही ते ऐकू गेलं. ती उठली आणि त्या पोराच्या हातातला माईक तिने धरला. आमच्यात असं कुणी करत नाही.

"बास," ती म्हणाली. "त्यांना लागतंय."

ती परत येऊन बापाच्या शेजारी बसली. देल्फिनने तिच्याकडे पाहिलं नाही. त्याला पाहवलंच नसेल. तिच्या अठराव्याला 'बास, तिला लागतंय' असं म्हणायला हवं होतं ते बापाने, आणि माईक त्याच्याच हातात होता.