तबकडीवर गेलेलं माझं माहेर

माझ्या माहेराचं नाव तीन अक्षरांचं आहे. ते मी इथं लिहिणार नाही. बार्शीटाकळीच्या पुढे, नाल्याच्या काठी असलेलं गाव, एवढं सांगितलं तरी पुरे. त्या नावानं जे व्हायचं ते एकदा होऊन गेलं.

लग्न होऊन मी अकोल्याला आले तेव्हा माझा नवरा एका जिनमध्ये कामाला होता. कापसातून सरकी वेगळी करणाऱ्या यंत्रांचा तिथं दिवसभर धडधडाट चाले. माणसाला माणसाचं बोलणं ऐकू येत नसे. म्हणून तिथले कामगार यंत्राच्या दोन ठोक्यांच्या मधल्या फटीत शब्द टाकून बोलत. माझ्या नवऱ्याला तीच सवय लागली होती. घरीसुद्धा तो भाकर मागायचा ती ठेक्यात. संध्याकाळी वस्तीतली चारदोन माणसं डफ, ढोलकी, पेटी घेऊन बसत आणि हा त्यांच्या ठेक्यावर नुसता बोलत सुटे. गाणं म्हणावं तर त्याला चाल नव्हती, भाषण म्हणावं तर पाय आपोआप हलायचे. श्वास कुठं घ्यायचा हे त्याचं त्यालाच माहीत. त्याचा श्वास संपला की आम्ही झीलकऱ्यांनी ओरडून जागा भरायची. झील धरणाऱ्यांत मी एकटीच बाई होते.

धम्म घेतला त्याच्या दुसऱ्या उन्हाळ्यात माझ्या माहेरी पाटलाचा बैल मेला. पूर्वी गावातलं मेलेलं ढोर ओढून नेणं आमच्या लोकांकडे होतं. ते आता सोडलेलं. निरोप आला, कोणी गेलं नाही. दुसरा आला, कोणी गेलं नाही. उन्हाळ्याचे दिवस, बैल गोठ्यापुढे फुगून पडलेला. शेवटी एका पहाटे पाटलानं आणि त्याच्या पोरांनी दोर लावून स्वतःच तो गावाबाहेर नेला. कोणी उठायच्या आत उरकावं असा बेत असणार, पण तोवर सगळं गाव दारात उभं होतं.

काही दिवस तिथं कोणी कोणाशी बोललं नाही. मग पेरणी आली. माझे वडील, त्यांना आम्ही बा म्हणायचो, पाटलाचं नाल्याकडचं वावर बटईनं, म्हणजे पिकाच्या वाट्यावर, करत. आई कधीचीच वारली होती, घरात ते एकटेच. पाटलानं निरोप धाडला, बा गेले, तिफण जुंपली. बैलाचा विषय दोघांनीही काढला नाही. गावं अशीच चालतात. फाटलेलं असतं तिथून जरा सरकून बसायचं.

पण माझ्या नवऱ्याला त्या बैलानं झपाटलं. त्यानं त्याच्यावर एक बोलगाणं रचलं. बैल मेला, पाटील हाका मारतो, एकेक जण आपापलं कारण सांगतो, कारणं वाढत जातात, वेग वाढत जातो आणि मधूनमधून आम्ही सगळे ओरडतो:

‘बैल मेला दारात, धरन कोन शेपूट?’
‘आमी नाई, आमी नाई!’

लोक हसून हसून लोळायचे. हसता हसता आमच्या बाया डोळेही पुसायच्या. गावाचं नाव मात्र त्यात नव्हतं. ‘अमक्या गावी, अमक्या दारी’ असंच तो म्हणायचा. कारण त्यालाही कळत होतं, बा तिथं राहतात.

अमरावतीला जयंतीच्या दिवसांत गायनपार्ट्यांचा सामना असे. तिथं हे गाणं झालं आणि मंचाच्या मागे एक इस्त्रीच्या कपड्यातला माणूस आला. तबकड्या काढणाऱ्या एका कंपनीचा तो माणूस. वऱ्हाडातल्या पार्ट्यांचे आवाज भरून न्यायला यंत्र घेऊन आला होता. त्यानं आम्हाला दोन दिवस ठेवून घेतलं.

आवाज भरायची जागा म्हणजे एका टॉकीजमागची खोली. भिंतींना गाद्या आणि रजया टांगलेल्या, दारं बंद, पंखा बंद, कारण पंख्याचाही आवाज येतो म्हणे. पहिला खेळ सुटल्यापासून दुसरा सुरू होईपर्यंत जेवढा वेळ मिळेल तेवढ्यात उरकायचं. कंपनीचा माणूस म्हणाला, “गाणं साडेतीन मिनिटांत बसलं पाहिजे.” आमचं गाणं अर्धा तास चालायचं. कारणं सांगणारी माणसं त्यानं एकेक करून कापली. म्हातारीचं कडवं गेलं. शेवटचं, ज्यात पाटलाची पोरं बैल ओढतात आणि आमचे लोक मुकाट्यानं टोप्या काढून उभे राहतात, तेही गेलं. “हसण्याच्या जागी थांबा,” तो म्हणाला. गाण्यात पाटलाबद्दल जी काय थोडी माया होती ती त्याच कडव्यात होती.

मग म्हणाला, “अमक्या गावी काय? एखादं नाव टाका की. जोर येत नाही.”

नवरा म्हणाला, “नाव नाई टाकता येत, साहेब.”

“बरं,” तो म्हणाला आणि लाल दिवा लागला.

त्या दिवशीसारखा नवरा पुन्हा कधीच बोलला नाही. घाम नाकावरून टपकत होता, डोळे मिटलेले, ढोलकीवाल्याला त्यानं मागे टाकलं होतं. आणि त्या जागी आला तेव्हा ‘अमक्या’च्या ठिकाणी माझ्या माहेराचं नाव त्याच्या तोंडून गेलं. ते तिथं इतकं चपखल बसलं की पेटीवाल्यानं मान डोलावली. मी त्याला थांबवायला हात उचलला. पण लाल दिवा चालू होता. मला तोंड उघडायचं होतं ते फक्त ‘आमी नाई’ म्हणण्यासाठी, आणि मी ते म्हटलं. तबकडीवर माझा तो आवाज जरा चिरकलेला आहे. लोकांना वाटतं मुद्दाम केला.

दिवा विझल्यावर मी म्हटलं, “तुमी नाव घेतलं.”

तो माझ्याकडे बघत राहिला. “मी? मी कवा घेतलं?”

त्याला खरंच कळलं नव्हतं. कंपनीच्या माणसानं फीत लावून दाखवली तेव्हा तो खाली बसला. “साहेब, पुन्यांदा घ्या,” म्हणाला. पण तेवढ्यात टॉकीजची घंटा झाली, बाहेर गर्दीचा गलका सुरू झाला. साहेब खुशीत होता. “नावानं जान आली बघा! तरी तुम्ही म्हणता तर मुंबईत कापून बघू.” आम्ही बडनेऱ्याहून गाडीत बसलो. अकोला येईपर्यंत नवरा एकच विचारत होता, “कापन ना वो तो?”

त्यानं कापलं नाही. हिवाळ्यात तबकडी आली. काळी, चकचकीत, मधल्या गोल कागदावर छापलेलं: ‘विनोदी’. त्या एका शब्दानं ती कुठल्या कुठं गेली. आमच्या वस्तीपुरती राहिली असती, पण विनोदी म्हटल्यावर सगळ्यांची झाली. कुणब्यांच्या लग्नात, यात्रेत, हॉटेलात, कापसाच्या बाजारात लागू लागली. पोरं शाळेत जाताना तोच ठेका धरायची. रस्त्यानं चालताना कुठूनही भोंग्यातून माझा नवरा बोलायचा आणि मी ओरडायची.

पहिली बातमी बार्शीटाकळीच्या बाजारातून आली. पाटलाची पोरं तिथं बैलजोडी घ्यायला गेली होती. कोणीतरी गाव विचारलं, त्यांनी सांगितलं आणि सगळा बाजार ओरडला, “धरन कोन शेपूट?” पोरं जोडी न घेताच परत आली. त्याच आठवड्यात बांचं वावर गेलं. मग चक्कीवाल्यानं दळण घेणं बंद केलं. मग गावातल्या आमच्या इतर लोकांनाही कामं मिळेनात आणि तेच लोक बांना म्हणू लागले, “तुह्या जवायानं घात केला.”

नवरा भोंगेवाल्याकडे गेला. तो म्हणाला, “दादा, मी नाई वाजवली तं पलीकडचा वाजवन. लोक मांगतात.” मग आम्ही दोघं अमरावतीच्या एका तबकड्यांच्या दुकानात गेलो. दुकानदारानं आमच्यासाठी चहा मागवला, शेजारच्या दुकानातल्या माणसांना बोलावून दाखवलं, “हेच ते!” आम्ही म्हटलं, ही विकणं थांबवा. त्याला वाटलं आम्ही विनोद करतोय.

शेवटी नवरा म्हणाला, “मी पाटलाकडेच जातो.” मी सोबत गेले.

पाटील ओट्यावर बसले होते. मी लहानपणापासून त्यांना बघत होते. मोठा आवाज, मोठ्या मिशा. त्या दिवशी ते मला लहान वाटले. त्यांनी आम्हाला बसा म्हटलं नाही, जा असंही म्हटलं नाही. नवऱ्यानं हात जोडले. म्हणाला, “पाटील, नाव घ्याचं नोतं. तोंडातून निंगालं. माफी मागाले आलो.”

पाटलांनी गोठ्याकडे बघितलं. मग म्हणाले, “बैल ओढला मी. वास सुटला होता, कोनाले तं ओढाच लागते. त्यात मले काई वाटलं नोतं रे. मेलेला बैल जड असते, एवढंच वाटलं.” थांबून म्हणाले, “तू गावचा जवाई हायेस. तू माफी मागून राहिला, मी देतो. पन ते गानं कुठं माफी मागते? ते तं रोज तेच म्हनते.”

“मंग माह्या बाचं वावर—” मी म्हटलं.

“पोरी, वावर आता माह्या हातात नाई. पोरं आयकत नाईत. मोठ्याचं लगन मोडलं. नवरीच्या गावात वरातीआधीच ते गानं लागलं होतं.” ते उठून आत गेले. आम्ही उन्हात उभे राहिलो.

तिथून आम्ही बांच्या घरी गेलो.  त्यांनी चार भांडी, एक कुदळ आणि आईचं जुनं लुगडं एका गाठोड्यात बांधून ठेवलं होतं. “चाला,” म्हणाले, “इथं आता कोनी बोलत नाई. मानसाले बोलाले तं कोनी पाह्यजे.”

अकोल्यात त्यांना जिनच्या फाटकावर राखणदाराचं काम मिळालं. जन्मभर काळ्या मातीत काम केलेला माणूस दिवसभर डांबरी रस्त्याकडे बघत स्टुलावर बसू लागला. जवायावर त्यांनी कधी राग धरला नाही. जवाईच त्यांच्यासमोर मान वर करत नसे.

नवऱ्यानं ते गाणं म्हणणं सोडलं. पण जिथं जावं तिथं तेच मागत. दुसरं काही सुरू केलं की मागून आरोळी यायची, “बैल होऊन जाऊ द्या!” एकदा मूर्तिजापूरकडे त्यानं दुसऱ्याच कुठल्या गावाचं नाव घालून म्हटलं. लोकांनी त्याला थांबवलं. “चूक म्हनून राहिले तुमी,” एक म्हातारा उठून म्हणाला आणि त्यानं बरोबर नाव सांगितलं. रचणाऱ्यालाच! त्यानंतर नवरा घरी आला आणि त्यानं घरातला डफ आपल्या भावाला देऊन टाकला. तोवर जिनमधल्या कापसाच्या धुळीनं त्याची छातीही भरली होती. लांब वाक्य बोलताना मध्येच थांबावं लागे.

साठ-बासष्टनंतर तबकडी मागे पडली असेल असं मला वाटत होतं. मग एक दिवस माहेरचा एक तरुण मास्तर आमच्याकडे आला. आमच्याच लोकांतला, शिकून नोकरीला लागलेला. त्याचे डोळे चमकत होते. म्हणाला, “यंदा गावात पहिल्यांदा मोठी जयंती करून राहिलो. तुमी याच. तुमच्यामुळं गावाचं नाव झालं. कॉलेजात होतो तवा गाव सांगितलं का पोरं म्हनत, अरे, ते बैलवालं?”

नवऱ्यानं बांकडे पाहिलं. बा म्हणाले, “जा. पोरं बलावतात तं जा.” पण स्वतः आले नाहीत.

गावात पाटील वारले होते. मंचासाठी फळ्या आणि दिव्यांसाठी विजेची तार त्यांच्या धाकट्या मुलानंच दिली होती, मास्तरनं मागितली म्हणून. तो पिंपळाखाली उभा होता, खांद्यावर स्वतःचा मुलगा. नवरा माईकसमोर गेला. त्यानं ठरवलं होतं, कापलेलं सगळं म्हणायचं, म्हातारीचं कडवं, शेवटचं टोप्या काढण्याचं कडवं, सगळं. पण दुसऱ्याच फेरीत त्याला धाप लागली. तो खोकत खाली वाकला आणि समोर बसलेल्या पोरांनी गाणं उचललं. तबकडीवर होतं तेवढंच, तसंच, त्याच्याहून जलद, मी चिरकले होते तिथं चिरकून. गावाचं नाव आलं तेव्हा तर सगळे उठून उभे राहिले. नवरा माईकला धरून उभा, तोंड उघडं, आवाज नाही. मी त्याच्या पाठीवर हात ठेवला. दुसरं काही करता येत नव्हतं.

पिंपळाखाली पाटलाचा तो नातूही बापाच्या खांद्यावरून हात उडवत ओरडत होता, “आमी नाई, आमी नाई!” त्याला कोणी सांगितलं नसणार, बैल कोणाचा होता. बाप त्याला गप्प करत नव्हता. थोड्या वेळानं त्यानं त्याला खाली उतरवलं आणि त्याचा हात धरून घराकडे निघून गेला. शेवटचं कडवं ऐकायला तो थांबला असता तर बरं झालं असतं, असं मला वाटलं. पण ते कोणी म्हटलंच नाही. हसण्याच्या जागी गाणं संपलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी आम्ही अकोल्याला पोचलो. बा कामावर जायला निघाले होते. चप्पल घालता घालता त्यांनी विचारलं, “काय म्हनते गाव?”

“चांगलं हाय,” मी म्हटलं.

त्यांनी मान हलवली आणि ते फाटकावर गेले.