न पाहिलेला उत्तरार्ध

आमच्या लोकल चॅनेलवर दर आठवड्याला आम्ही दोघं नव्या सिनेमांवर बोलतो, मी आणि एक निवृत्त प्राध्यापक. त्यांना सगळे सर म्हणतात. मीही म्हणायची.

त्या आठवड्यात दोन हिंदी, एक दाक्षिणात्य डब आणि एक मराठी सिनेमा लागला होता. मराठी सिनेमा नेसरीच्या एका पोरीचा, पहिलाच. चंदगडच्या पावसात कॅमेऱ्यावर छत्र्या धरून काढलेला. शाहूपुरीतल्या टॉकीजमध्ये त्याला दुपारचा एकच खेळ मिळाला होता. आमच्या कार्यक्रमात बरं बोललं गेलं तरच पुढं ठेवतो, असं टॉकीजवाल्यानं तिला तोंडावर सांगितलं होतं.

शुक्रवारी सर आणि मी शेजारी बसून तो पाहत होतो. मध्यंतरालाच लाइट गेली आणि जनरेटरही चालू होईना, तेव्हा टॉकीजवाल्यानं सगळ्यांना घरी पाठवलं. मी शनिवारी एकटीच परत जाऊन उरलेला सिनेमा पाहिला आणि तिथूनच रेकॉर्डिंगला गेले.

दोन्ही हिंदी सिनेमांना सरांनी मखमली हातानं कुरवाळलं. मग मराठीकडे वळून म्हणाले, "पूर्वार्ध ठीक. उत्तरार्ध मात्र साफ ढेपाळलाय."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. "सर, उत्तरार्ध तुम्ही बघितलाच न्हाय. लाइट गेल्यावर आपण दोघं एकाच रिक्षातनं घरी गेलतो."

सर हसले. इतकी वर्षं सिनेमे पाहिल्यावर पुढचं आपोआप कळतं, म्हणाले. त्यावर मी आवाज चढवला, त्यांनीही चढवला.

रविवारी कार्यक्रम लागला तर माझं लाइटचं वाक्य गायब. सरांचा शेरा, आणि लगेच आमचे हातवारे. दिवसभर जाहिरातीतही तेच. भाजीवाली म्हणाली, लई हाणलंसा की त्यास्नी. भांडण कुठल्या सिनेमावरून, हे मात्र कुणी विचारलं नाही.

गुरुवारी त्या पोरीचा फोन आला. "ताई, तुमचं भांडाण लई गाजलं बघा. माझा पिक्चर तेवढा उतरवला." तिच्या आवाजात तक्रारही नव्हती, आणि त्यानंच माझं डोकं जास्त फिरलं.

शनिवारी सर मेकअपच्या खोलीत आरशापुढं पावडर लावून घेत होते. मी दार लोटलं आणि सुरूच झाले. मी त्यांना खोटारडे म्हणाले, एका पोरीच्या कष्टांवर न बघता पाणी ओतलंत म्हणाले, आणखीही बरंच बोलले. ओरडा ऐकून चॅनेलचा मालक धावत आला आणि माझ्यापुढं हात जोडून उभा राहिला.

"ताई, जरा दम धरा की," तो म्हणाला, "कॅमेरा चालू होऊ द्या."