खडूचं घर

इस्पितळातल्या सगळ्यांनी तिचं नाव चौकशीबाई ठेवलं होतं, आणि त्यात कौतुकाचा भाग फारसा नव्हता. डोकं फिरलेल्या माणसाला औषध द्यावं, जेवू घालावं, अंघोळ घालावी, एवढं त्या काळी सगळ्यांना ठाऊक होतं. पण त्याच्या घरी जाऊन तो कुठल्या कोपऱ्यात झोपायचा, कुणाशी भांडायचा आणि भांडण कोण मिटवायचं, हे विचारत बसणारी बाई त्या गावात कुणी पाहिली नव्हती. तिच्या हुद्द्याचं नाव तर इतकं लांबलचक होतं, की मोठे डॉक्टरसुद्धा ते अर्ध्यावर सोडून देत. बसायला तिला चादरींच्या खोलीतला एक कोपरा मिळाला होता. घड्या घातलेल्या पांढऱ्या ढिगांच्या मधोमध ती बसायची, आणि कुणी काही विचारायला आलं तर त्याला आधी ती दिसायचीच नाही.

"लोकांच्या घरात डोकवायला एवढं शिकावं लागतं होय?" तिची आई म्हणायची. "आपली शेजारीण बघ, न शिकता करते."

आईची जीभ अशी होती, पण कारण आईलाही माहीत होतं. चौकशीबाई लहान असताना त्यांच्या घरात एक आत्या होती. आत्या एकटीच हसायची, मग एकटीच रडायची, आणि एक दिवस तिला अशाच एका इस्पितळात नेलं. दोन-चार दिवस तिची खाट तशीच राहिली. मग खाटेच्या जागी कपाट आलं. कपाट भरलं, जड झालं, आणि आत्याचं नाव निघेनासं झालं. "आत्या आली तर कुठे झोपेल?" असं या पोरीनं जेवताना विचारलं, तेव्हा सगळ्यांनी ताटात बघितलं. आत्या आलीच नाही. आली असती, तरी ते कपाट कोण हलवणार होतं?

मोठी झाल्यावर तिला दुसऱ्यांच्या घरांची स्वप्नं पडू लागली. दिवसभर ती पेशंटांच्या घरी हिंडायची आणि झोपेत ती घरं एकमेकांत मिसळून जायची. एकीच्या स्वयंपाकघराला दुसरीची खिडकी, आणि खिडकीतून तिसरीचंच अंगण. त्या सगळ्या खोल्यांतून ती अलगद हिंडायची, आणि प्रत्येक खोलीत एक रिकामी जागा असायची, पाय पसरून झोपता येईल एवढी. घरोघरी मातीच्या चुली, असं म्हणून आई विषय संपवायची. चौकशीबाईचा विषय तिथूनच सुरू व्हायचा.

बायकांच्या वॉर्डात एक शिवणवाली होती. तरुणपणी तिचं मूल गेलं आणि ती मशीनवर बसून कपड्यांच्या बाह्यांची तोंडं शिवून टाकायला लागली. गिऱ्हाइकांचे हात आत जाईनात. तेव्हा आणली ती इथेच राहिली. बरी कधीच झाली होती. शांत बसायची, वॉर्डातल्या सगळ्यांची फाटकी कापडं शिवून द्यायची. तिला घरी जायला कुणाची हरकत नव्हती, फक्त न्यायला कुणी नव्हतं. चौकशीबाईनं चार वस्त्या पालथ्या घालून तिची धाकटी बहीण शोधून काढली. ताईला नेलं तेव्हा ही फ्रॉकमध्ये होती. आता हिचा संसार होता, नवरा सुतार होता.

"माझी ताई आहे, मी ठेवीन," धाकटी म्हणाली. सुतार लाकूड तासत राहिला, जरा जास्तच जोरात.

मोठ्या डॉक्टरांनी चष्मा काढून पुसला. "बाई, एवढ्या वर्षांचं झाड उपटून दुसरीकडे लावलं तर जगत नाही. पण तुमची हौस होऊन जाऊ दे. एकीला पाठवून बघा. ती परत आली, तर कुणाला घरी धाडायची गोष्ट पुन्हा माझ्यापुढे काढायची नाही. कबूल?"

चौकशीबाई कबूल म्हणाली. वॉर्डात घरी जाण्यासारख्या आणखी कितीतरी होत्या, आणि आता त्या सगळ्यांचं नशीब एकट्या शिवणवालीच्या गळ्यात बांधलं गेलं होतं.

शिवणवालीला बातमी सांगितली, तर तिनं हातातली शिवण खाली ठेवली. "ते घर मला ठाऊक नाही. रात्री उठले तर कुठे जाऊ? पाणी कुठे असतं?"

मग चौकशीबाईनं ते घर पावलांनी मोजलं आणि वॉर्डाच्या लांब व्हरांड्यात खडूनं काढलं, आहे तेवढंच. इथे चूल, इथे पाण्याचं पिंप, ही धाकटीची खोली, ही सुताराची कामाची जागा, आणि मागच्या बाजूला ही तुमची. दुपारी वॉर्ड सुस्तावला, की दोघी त्या घरात जायच्या. शिवणवाली खडूच्या चुलीवर चहा टाकायची, खडूच्या पिंपातून पाणी घ्यायची, आणि तिच्या खोलीत पाय मिटून पडायची. ऊन व्हरांड्यातून सरकत जायचं, एका खोलीतून दुसऱ्या खोलीत, अगदी घरातल्यासारखं.

हळूहळू बाकीच्या बायकाही येऊ लागल्या. कुणी पाहुणी म्हणून यायची, कुणी भाडेकरू म्हणून. वर्षानुवर्षं न बोललेली एक म्हातारी रोज येऊन पिंपाशेजारी बसायची आणि पाणी सांडलं की फरशीवरून हात फिरवायची. झाडूवालीनं फरशी पुसताना घर तेवढं सोडायला सुरुवात केली. भिंतीवरून मात्र कुणी कधी चालत गेलं नाही. जिथे रेघ तुटली होती तिथूनच सगळ्या आत यायच्या. एकदा फेरीवर असताना मोठे डॉक्टरही तरातरा आले, रेघेपाशी थबकले, आणि वळसा घालून बरोबर तिथूनच आत शिरले. मग आपण काय केलं ते कळून त्यांचा चेहरा असा झाला, की बायका तोंडावर हात ठेवून हसल्या.

त्या दिवसांत चौकशीबाई इतकी सुखात होती, की तिला त्या सुखाचीच भीती वाटायची. एका सकाळी शिवणवाली आपलं गाठोडं घेऊन खरोखरच गेली.

पहिले काही दिवस चांगली खबर यायची. खोलीचं काम होईपर्यंत ताई बहिणीशेजारी स्वयंपाकघरात झोपते, पिंप अचूक सापडतं, चहा करते. मग एका दुपारी चादरींच्या खोलीच्या उंबऱ्याशी सुतार येऊन उभा राहिला.

"बाई, ताई खोलीबाहेर येत नाहीत."

"म्हणजे?"

"म्हणजे येत नाहीत. दोन-तीन दिवस झाले. खोलीचं सगळं काम उरकलं, म्हणून आमच्या हिनं तिकडे झोपवलं त्यांना. तेव्हापासून आतच. हाक मारली तर ओ देतात, ताट नेऊन दिलं तर जेवतात. पण बाहेर नाही." तो कपाळ चोळत होता. "रुसल्या म्हणावं तर कशावर? बिघडल्यात पुन्हा. मी आधीच म्हणणार होतो. उद्या आणून सोडतो."

"उद्याचं उद्या," चौकशीबाई म्हणाली. "आज मला न्या."

घरापाशी पोचल्यावर तिनं पाहिलं, मागच्या खोलीला दार आलं होतं. नवंकोरं, घट्ट, कडेनं नक्षी कोरलेलं दार.

"ताईंना स्वतःची खोली असावी, म्हणून केलं," सुतार जमिनीकडे बघत म्हणाला. "नुसतं ओढलं की लागतं, बाहेरून कडीसुद्धा नाही. आवाज होत नाही."

चौकशीबाईनं दार ढकललं. शिवणवाली दारापासून हातभर अंतरावर उभी होती. केस विंचरलेले, पाय जुळवलेले, हात पोटाशी. दार उघडलं तशी ती शिकवल्यासारखी एक पाऊल मागे सरली.

"केव्हापासून उभ्या आहात?"

"उजाडल्यापासून," शिवणवाली समजूतदारपणे म्हणाली. "विसरले असतील. उघडतील."

अशा उभ्या राहिलेल्या बायका चौकशीबाई रोज सकाळी वॉर्डात बघत होती. किल्लीवाली येईपर्यंत दारापाशी रांगेनं, पाय जुळवून. त्यांच्या मधून ती स्वतः किल्ली घेऊन कितीदा गेली होती! तिनं या बाईला चूल दाखवली, पिंप दाखवलं, रात्री किती पावलं चालायचं ते शिकवलं. आणि दार कुठेच काढलं नव्हतं. जिथे दार, तिथे तिनं रेघ तोडून ठेवली होती. स्वतःच्या हुशारीचा तिला इतका राग आला, की डोळ्यांत पाणी उभं राहिलं.

बाहेर येऊन तिनं दोघांना सांगितलं, की ताई कुणी दार उघडायची वाट बघत उभ्या आहेत. धाकटी मटकन खालीच बसली. "अगं बाई! मी ताट देऊन येताना रोज दार ओढून घ्यायची. म्हटलं, तिला निवांत वाटेल."

सुतार उठला तो पेचकस घेऊनच आला. "काढून टाकतो. बिजागऱ्या सोडवायला कितीसा वेळ लागतो?"

एवढं मन लावून केलेलं दार काढायला निघालेला तो माणूस बघून चौकशीबाईला त्याच्याबद्दल एकदम माया वाटली. "थांबा," ती म्हणाली. "आता कुणी आत यायचं नाही. हाक मारायची नाही."

ती आत गेली, दार लावलं आणि खाटेवर बसली. शिवणवाली पुन्हा आपल्या जागी जाऊन उभी राहिली. खिडकीतून येणारा उजेड पिवळा झाला, मग मऊ झाला. बाहेर कुणीतरी भांडं ठेवलं. खोलीला ताज्या लाकडाचा वास होता, आणि बसल्या बसल्या चौकशीबाईला वाटायला लागलं, की आपण पुन्हा आपल्या त्या स्वप्नातल्याच एका घरात आलो आहोत, फक्त इथली जागा या वेळी रिकामी नाही.

"तुम्ही उघडा ना," शिवणवाली म्हणाली.

"मी नाही उघडणार."

शिवणवालीनं एकदा दाराकडे, एकदा तिच्याकडे बघितलं.

"मी उघडलं तर कोण रागावेल?"

"कुणी नाही."

शिवणवाली विचारात पडली. "तिकडेसुद्धा कुणी रागावलं नसतं?"

चौकशीबाईला खोटं बोलता आलं असतं. "तिकडे रागावलो असतो," ती म्हणाली. "मीसुद्धा."

शिवणवालीनं मान हलवली. तिला ते पटलं असावं. दुसऱ्याच्या हातची शिवण तपासावी तसा तिनं दाराच्या जोडावरून अंगठा फिरवला, नक्षी बघितली, मग मुठीवर हात ठेवला. हात काढला. पुन्हा ठेवला आणि ओढलं.

दार आवाज न करता उघडलं. समोर धाकटी तोंडाला पदर लावून उभी होती, आणि तिच्यामागे सुतार, हातात अजून पेचकस. शिवणवाली त्यांच्याकडे गेली. मग काहीतरी आठवल्यासारखी वळली, खाटेवरच्या चौकशीबाईकडे बघितलं, आणि आपल्या खोलीचं दार जसं कुणीही ओढून घेतं तसं सहज ओढून घेतलं.

चौकशीबाई आत बसून राहिली. बाहेर पाणी उकळायला ठेवल्याचा आवाज आला, मग साखर कुठे असते यावरून दोघी बहिणींची कुजबुज, मग हसणं.

"ताई, बाई आतच राहिल्या," सुतार हळूच म्हणाला. "उघडू का मी?"

"राहू द्या," शिवणवाली म्हणाली. "त्यांना यावंसं वाटेल तेव्हा येतील."