सगुणेच्या उपाशी पोरी

कोपरीतल्या सगुणेबद्दल दोन मतं होती. गावाचं मत असं, की ही बाई दुसऱ्याच्या रक्तावर जगते. दुसरं मत तिचं स्वतःचं होतं, आणि ते ऐकायला कोणी तिच्या दाराशी जात नसे. मी जात असे. तिच्याकडे ताजी बातमी असायची आणि माझ्याकडे तंबाखू. दोघांचं एकमेकांवाचून अडायचं.

सगुणा जळवा लावायची. नवरा खाडीत गेला तो होडीसकट गेला. मागे उरलं एक मडकं, त्यात चिखल, शेवाळ आणि जळवा. कोणाचा पाय सुजला, कोणाचं गळू ठणकलं, की वैद्य काढा लिहून देत आणि नासकं रक्त काढायला सगुणेला बोलावत. आगगाडी ठाण्याला येऊन तीसेक वर्षं झाली होती. कल्याणचे वैद्यही तिला गाडीने बोलावून घेत. मडकं मांडीवर घेऊन ती बसली की अख्खा बाक आपोआप रिकामा व्हायचा. असा मान पुढे मिठागरवाल्या गोपीनाथशेटलाही मिळाला नाही.

जळवांना ती 'पोरी' म्हणे. पोरी पिऊन टम्म फुगल्या की तोंडाशी चिमूटभर हळद लावायची, म्हणजे त्या सुटतात. मग शेपटीकडून तोंडाकडे हलके चोळून प्यायलेलं ओकवायचं, स्वच्छ पाण्यात सोडायचं, आणि पुढचे सात दिवस काम द्यायचं नाही. सात दिवस सुट्टी! शेटच्या मिठागरावर माणसांना ती दिवाळीतही मिळत नसे.

या पोरींचं माहेर म्हणजे कोपरीमागचं तळं. प्यायला गावाची विहीर होती. तळं होतं दूधवाल्या अँब्रोजच्या चार म्हशींचं. दुपारी म्हशी त्यात जाऊन बसत, त्यांच्या पायांनी तळ ढवळला की गाळातल्या जळवा वर येऊन त्यांना चिकटत. संध्याकाळी म्हशी बाहेर आल्या की सगुणा हळद घेऊन हजर. अँब्रोजच्या म्हशी साफ व्हायच्या, सगुणेचं मडकं भरायचं, जळवांचं पोट तर आधीच भरलेलं. अँब्रोज वर तिला पावशेर दूधही द्यायचा. कोण कोणावर जगत होतं ते तुम्हीच ठरवा, मला तरी कधी कळलं नाही.

आता गोपीनाथशेटकडे वळू. हे मिठागराचे मक्तेदार, अंगाने भरलेले आणि पुण्याचे भुकेले. त्यांच्या घरी हरिहर नावाचा आतेभाऊ होता. मुंजीला म्हणून चार दिवसांसाठी आला होता. ज्याची मुंज झाली त्याचं लग्न होऊन त्याला दोन मुलं झाली, हरिहरचे चार दिवस काही संपले नाहीत. सकाळी उठून "दादांसारखा दानशूर आख्ख्या जिल्ह्यात नाही" एवढं म्हटलं की त्याची दोन्ही वेळची सोय व्हायची. दादांनाही ते ऐकल्याशिवाय चहा गोड लागत नसे. बिघडत होतं ते फक्त रखमावहिनींचं, म्हणजे शेटच्या बायकोचं. पोळ्या त्यांना लाटाव्या लागत.

या हरिहरनेच सुचवलं, "दादा, तळ्याला दगडी पायऱ्या बांधा. नाव राहील."

पायऱ्या झाल्या. वर दगडी पाटी बसली: 'गोपीनाथशेट यांनी धर्मार्थ बांधिले. या तळ्यात गुरे घालू नयेत.' म्हशी हाकलल्या गेल्या. हरिहर काठी घेऊन पायरीवर बसू लागला. अकरा वर्षांत त्याने केलेलं हे पहिलं काम.

सगुणा शेटच्या अंगणात गेली. मी तिथेच होतो. अशा वेळी मी नेमका तिथेच असतो.

"शेट, म्हशी गेल्या तर जळवा जातील."

"अगं, तेच तर पाहिजे! घाण जाईल."

"त्या घाणीवर माझं पोट हाय. म्हशी नायत, तर माझं मडकं रिकामं."

"मग दुसरं काहीतरी कर. लोकांचं रक्त पिण्यात काय भूषण?"

हरिहर मान डोलावत म्हणाला, "काय बोललात दादा!" आणि चहाचा दुसरा पेला उचलला.

वर्षभरात तळं आरशासारखं झालं. सगुणा सकाळपासून दुपारपर्यंत लुगड्याचा काचा मारून पाण्यात उभी राहायची. वर यायची एखादी जळू, कधी तीही नाही. "माझे दोन पाय कितीसा गाळ ढवळणार? खाली उपाशी पडल्यात पोरी," म्हणायची. मडक्यातल्या म्हाताऱ्या मरत गेल्या. सात उरल्या. या सात गेल्या की सगुणेने मिठागरावर मिठाच्या टोपल्या उचलायला जायचं, हे ठरलेलं होतं. ते तिलाही माहीत होतं, म्हणून त्या सातांना ती लेकराला जपावं तशी जपत होती.

आणि देवाची करणी बघा, गळू आलं ते गोपीनाथशेटच्याच पोटरीला. पोटरी वांग्यासारखी निळीजांभळी झाली. दवाखान्यातल्या डॉक्टरने बघून सांगितलं, चिरावं लागेल. शेट सुरीला इतके भीत, की त्यांच्या घरी फणससुद्धा शेजारी फोडून देत. वैद्यांनी दुसरी वाट दाखवली: आठवड्याच्या अंतराने तीनदा जळवा लावा.

सगुणेला निरोप गेला. तिने माजघरात जाऊन सातही पोरी पोटरीवर लावल्या आणि बजावलं, "घटकाभर लागंल. हात लावू नका. हळद मी लावीन. मीठ नाय, हळद." मग तिला बाहेर अंगणात बसायला सांगितलं. रीतच तशी. जळवांना शेटच्या पोटरीवर जागा होती, सगुणेला ओसरीवरही नव्हती.

आत शेट एकटक पोटरीकडे बघत होते. पोरी बऱ्याच दिवसांच्या उपाशी. दोऱ्याएवढ्या होत्या त्या बघता बघता जांभळाएवढ्या झाल्या.

"हरिहर! अरे, पितायत रे मला!"

आता हे घर मिठाचं. दात दुखला, मीठ. पोट दुखलं, मीठ. दृष्ट लागली, मीठ. हरिहर स्वयंपाकघराची वाट तर चांगलीच ओळखत होता. धावत गेला आणि मूठभर मीठ आणून पोटरीवर फेकलं. जखमेवर मीठ चोळणं ही म्हण मी तोवर नुसती ऐकली होती. शेटनी जी किंकाळी फोडली ती स्टेशनावर ऐकू गेली म्हणतात.

सगुणा रीत विसरून आत धावली. सातही पोरी जमिनीवर आखडून पडल्या होत्या. तिने त्या एकेक उचलून पदरात घेतल्या. रडली नाही, हळदीची पुडी तेवढी कनवटीला परत खोचली.

"दुसऱ्या आण," शेट कण्हत म्हणाले. "अजून दोनदा लावायच्यात."

"कुठनं आणू? तळं तुमचं. चांगलं स्वच्छ हाय."

शेटनी हरिहरकडे पाहिलं. हरिहर तळहाताचं मीठ झटकत होता.

"म्हशी घाला पाण्यात," सगुणा म्हणाली. "गाळ ढवळला की उपाशी पोरी येतील वर. जगल्या असल्या तर."

अँब्रोजला बोलावलं. तो आला, पण म्हशी न घेता. "शेट, मी पाद्रीबाबांच्या शाळेत चार बुकं शिकलोय. पाटी वाचता येते मला. गुरं घालू नयेत असं दगडात कोरलंय."

"मी सांगतो ना, घाल!"

"तुमी तोंडी सांगता. ते दगडात हाय. उद्या हरिहरभाऊ काठी घेऊन आले, तर मी कुणाचं ऐकू?"

शेट लंगडत, हरिहरच्या खांद्यावर भार टाकत तळ्यावर गेले. पाटी झाकण्यासारखं काहीच हाताशी नव्हतं. शेवटी स्वतःचं जरीकाठी उपरणं काढून त्यांनी पाटीवर टाकलं. मग चारही म्हशी डौलात त्यांच्या धर्मार्थ पायऱ्या उतरल्या. सगुणेने शेटना खालच्या पायरीवर बसवलं आणि दुखरा पाय पाण्यात सोडायला लावला.

"इथेच? म्हशींमध्ये?"

"पोरींना घरी येऊन चालत नाय, शेट. मीठ असतंय तिथं."

काठावर अर्धी कोपरी जमली होती. बराच वेळ काही झालं नाही. पाणी आधी गढूळ झालं, मग काळं. सगुणा कमरेएवढ्या पाण्यात एकाच जागी बघत उभी होती. तिचा श्वास मला काठावर ऐकू येत होता. एकाएकी तिने वाकून शेटच्या पोटरीशी पाहिलं आणि लहान मुलीसारखी ओरडली, "आली! आली गं माझी बाय!"

दोऱ्यासारखी बारीक, उपासाने पार वाळलेली. मग दुसरी आली, तिसरी आली. म्हशींच्या पायांना तर पंधरा-वीस. संध्याकाळी सगुणेने सगळ्यांना हळद लावून मडक्यात घेतलं. पोटरी दोन आठवड्यांत उतरली. म्हशी मात्र गेल्या नाहीत. शेटनी त्यांना परत हाकलायचं नाव काढलं नाही, कारण गळू पुन्हा येतं, असं वैद्य म्हणाले होते. (ते त्यांना कोणी सुचवलं ते मी सांगणार नाही. तंबाखूची शपथ आहे.) उपरणं एका म्हशीने शिंगात घालून नेलं. आता पाटीला अंग घासून म्हशींनी खालची ओळ निम्मी झिजवली आहे. नाव तेवढं राहिलंय.

तिसऱ्या खेपेला सगुणा शेटच्या घरी गेली तेव्हा तिला ओसरीवर पाट मिळाला. निघताना रखमावहिनींनी तिच्या पदरात तांदूळ घातले आणि हळूच विचारलं, "काय गं, पोट भरूनही न सुटणारी जळू असते का?"

सगुणेने आत पाहिलं. हरिहर जेवायला बसला होता, आणि तिसऱ्यांदा कढी मागत होता.

तिने कनवटीची हळदीची पुडी काढून वहिनींच्या हातावर ठेवली. "माझ्या पोरींना चिमूटभर पुरते," ती म्हणाली. "इथं अख्खी लावून बघा."