स्वतःलाच ‘खलास’ म्हणणारी मादाम

मादाम रडता रडता मध्येच स्वतःला ‘खलास!’ म्हणायची. मग डोळे पुसत कॅमेऱ्यामागे धावायची, पडद्यावर स्वतःचंच रडणं पाहायची आणि नाक मुरडायची. “ही बाई फार वाईट काम करते, उद्यापासून हिला काढून टाका.” ती बाई म्हणजे तीच. अभिनय तिचा, लेखन तिचं, दिग्दर्शनही तिचंच, त्यामुळे भांडायलासुद्धा दुसरं कोणी लागायचं नाही.

ओमानमधल्या सीबच्या जुन्या सूकमागचं, म्हणजे बाजारामागचं, आमचं भाड्याचं घर तिला चित्रीकरणासाठी आवडलं. माझा नवरा दूर सोहार शहरात कामावर, घरात मी आणि मालवणहून आलेल्या सासूबाई. पहिल्याच दिवशी मादामने युनिटमधल्या ओमानी पोरांकडून ‘यल्ला’ म्हणजे चला आणि ‘खलास’ म्हणजे पुरे, एवढं उचललं, आणि त्या दोन शब्दांवर सगळा कारभार हाकला.

ती तिच्या देशातली नावाजलेली नटी. चाळिशी उलटली आणि तिच्याकडे फक्त आयांच्या भूमिका येऊ लागल्या. “दारात उभं राहायचं आणि पोराला म्हणायचं, स्वेटर घातलास का? माझं आयुष्य असं स्वेटर विचारण्यात जाणार होतं!” म्हणून ती स्वतःच लिहू लागली. हे मी सासूबाईंना सांगितलं तेव्हा ‘म्हणजे नुसती आवशीची कामा!’ म्हणत त्या पोट धरून हसल्या. मादामचा पहिला चित्रपट बरा चालला, दुसरा साफ आपटला. हा तिसराही पडला तर पैसे घालणारे चौथ्यासाठी तिला जवळ उभं करणार नव्हते. “मग पुन्हा दार आणि स्वेटर,” असं ती हसत म्हणायची, पण तेव्हा चहाचा कप नुसताच हातात धरून बसायची.

अडलं होतं शेवटच्या प्रसंगावर. जिवाभावाचा माणूस जेवून कायमचा निघून जातो आणि नायिका त्याच्या उष्ट्या ताटासमोर रडते. मादाम दिवसभर रडली, दिवसभर खलास म्हणाली. शेवटी भांडी तशीच ठेवायला सांगून ती गेली. दुसरा दिवस चित्रीकरणाचा अखेरचा होता.

सकाळी युनिट येऊन बघतं तर भांडी लख्ख घासून ओट्यावर पालथी! उष्टी भांडी रात्रभर ठेवणं सासूबाईंच्या तत्त्वात बसत नव्हतं, आणि मादामची इंग्रजीतली ताकीद त्यांना कळली नव्हती; सांगायचं माझंही राहून गेलं होतं. युनिटमधली मदतनीस मुलगी तर रडकुंडीलाच आली. मादामने मात्र शांतपणे मला सांगितलं, “का घासली, विचार त्यांना.”

“माणूस गेलो म्हणान भांडी काय तशीच ठेवची?” सासूबाई तडकल्या. “हात कामात असले की मन जाग्यार रवता.”

मी भाषांतर केलं. मादाम पायरीवर बसली, पेन्सिल मागितली आणि कालपर्यंतचं सगळं रडणं खोडून टाकलं.

भांडी पुन्हा खरकटी केली. ‘यल्ला!’ म्हणून ती ओट्याशी उभी राहिली आणि घासू लागली. ताट, वाटी, पेला, मग कढई. डोळ्यांत पाण्याचा टिपूस नाही, पण बघता बघता मीच डोळे पुसले. भांडी संपली, तिने ओटा पुसला, तरी ‘खलास’ येईना. स्वतःला थांबवायचं ती पहिल्यांदाच विसरली होती. सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघत राहिले. शेवटी सासूबाईच ओरडल्या, “खलास!”

मादाम वळली आणि ओल्या हातांनीच त्यांच्या गळ्यात पडली. निरोपाच्या वेळी तिने घासणीसुद्धा मागून नेली. तिच्यासारखी कामावर जीव टाकणारी आणि स्वतःवर हसणारी बाई मी दुसरी पाहिली नाही.

परवा तिचा निरोप आला. चित्रपट तरला, चौथ्याला होकार मिळाला, नायिका सत्तरीची आहे आणि सासूबाईंना वेळ आहे का? सासूबाई आता गावी परतल्या होत्या; मी लगेच मालवणला फोन लावला. 

“तिका सांग, येतंय,” सासूबाई म्हणाल्या. “पण मी कोणाच्या आवशीचा काम करूचंय नाय.”