सादतनं सही केली नाही

सादतचा कुणावरच चटकन विश्वास बसत नसे. किर्गिझस्तानातल्या कोचकोरच्या बाजारात लोकर घेताना ती पोत्याच्या तळापर्यंत हात घालून बघायची, मधे ओली लोकर दडपलीय का म्हणून. "तू आपल्या सावलीचीसुद्धा झडती घेशील," असं तिचा नवरा कालमुरात हसून म्हणायचा. तो स्वतः कुणीही काही सांगितलं की मान डोलावणारा. त्यामुळे घरातला सगळा संशय तिच्याच वाट्याला आला होता.

थंडी सुरू होता होता, एका संध्याकाळी गाय घेऊन घरी येणाऱ्या कालमुरातला वळणावर कोळशाच्या ट्रकनं उडवलं. गाय वाचली.

सातव्या दिवशी ट्रकचा मालक सगिनबाय दारात आला. बरोबर एक मेंढी, पिठाची पोती, शेजारच्या गावातले दोन वडीलधारे आणि एक किडकिडीत तरुण. त्याचं नाव एर्मेक. तो लोकरीच्या नमद्यावर, जाजमावर गुडघे टेकून म्हणाला, "वहिनी, ट्रक मीच चालवत होतो. माफ करा."

"पोरी, खुदाची मर्जी," एक म्हातारा म्हणाला. "याच्या घरी तान्हं मूल आहे. आमची काही तक्रार नाही, एवढं लिहून दे. मालक तुला वाऱ्यावर सोडायचे नाहीत."

थोरला दीर इशेनकुल यानं कागद तिच्यापुढे सरकवला. "सादत, मोठी माणसं दारात आलीत. कर सही."

सादत बघत होती ते दुसरंच. सगिनबाय स्वतः किटली उचलून सगळ्यांना चहा ओतत होता. तिच्या घरात, तिच्याच चहाच्या वाट्यांत. मलाच पाहुणी करून टाकलं की यानं, असं तिच्या मनात आलं. एवढी लगबग कशासाठी?

तिनं एर्मेकला विचारलं, "शेवटी ते काय बोलले?"

एर्मेकनं आधी मालकाकडे बघितलं. "काही नाही, वहिनी. जागच्या जागीच गेले."

त्या वळणावर जर्दाळू विकणारी मायरामकान सगळ्यांत आधी धावली होती. दफनाच्या दिवशी ती सादतच्या गळ्यात पडून म्हणाली होती, पांढऱ्या मिशांचा एक आडदांड ड्रायव्हर रस्त्यातच बसला होता, कालमुरातचं डोकं मांडीवर घेऊन, थर्मासच्या झाकणातून त्याला चहा पाजत. तेव्हा सादतच्या डोक्यात काही शिरलं नव्हतं. आता सगळं लख्ख आठवलं.

"आज सही नाही," ती म्हणाली.

"डोकं फिरलं का तुझं?" इशेनकुल ओरडला.

सगिनबायचं हसू ढळलं नाही. "घाई नाही. मेंढी ठेवून जातो."

"मेंढीही घेऊन जा."

दुसऱ्या दिवशी ती मायरामकानकडे गेली. मायरामकान तिच्या नजरेला नजर देईना. "अंधारून आलं होतं गं. नीट दिसलंच नाही मला." तिच्या अंगणात मात्र कोळशाचा नवाकोरा ढीग होता, अख्खा हिवाळा पुरेल एवढा. सादत परत फिरली. पुढच्याच आठवड्यात तिनं बाजाराजवळ इशेनकुलला सगिनबायच्या गाडीतून उतरताना पाहिलं.

त्यानंतर तिला झोप उरली नाही. दार वाजलं की ती आधी खिडकीतून बघायची. जिल्ह्याच्या गावी एक वकीलबाई होती, तिच्याकडे गेल्यावरही पहिला प्रश्न हाच, "तुला कुणी पाठवलंय?"

"मला कोण पाठवणार? तूच आलीस ना माझ्याकडे!" वकीलबाई हसली. मग तिनं नीट समजावलं. परवाना नसलेल्या माणसाला मालकानं जाणूनबुजून ट्रकवर बसवलं असेल, तर सादतची पोरं मोठी होईपर्यंत त्यांच्या पोटाला मालकच बांधील. म्हणून तर दुसरा ड्रायव्हर उभा केला असेल. पण तो पांढऱ्या मिशांचा म्हातारा सापडायला हवा.

मृत्यूनंतरच्या चाळिसाव्याच्या जेवणात मेंढीचं डोकं मान म्हणून थोरल्या दिरापुढे ठेवायचं असतं. सादतनं ते सगळ्या पंगतीसमोर चुलत सासऱ्यांपुढे ठेवलं. इशेनकुलच्या हातातला चाकू तसाच राहिला. तो उठला, टोपी घातली आणि जेवण न करता निघून गेला. जावेनं तिला नाही नाही ते ऐकवलं. सादतनं ऐकून घेतलं.

बर्फ वितळायच्या सुमाराला कोर्टात सुनावणी लागली. एर्मेक पढवल्यासारखा बोलला. तेवढ्यात मागचं दार उघडलं आणि इशेनकुल आत आला. त्याच्याबरोबर पांढऱ्या मिशांचा एक आडदांड म्हातारा होता, बेकबोलोत.

"ट्रक माझ्या हातात होता," बेकबोलोत उभ्या उभ्याच म्हणाला. "डोळे अधू झाले म्हणून परवाना कधीच काढून घेतलाय माझा. मालक म्हणाले, रस्ता पाठ आहे ना तुला, मग चालव." मग तो सादतकडे वळला. "दोन घोट चहा घेतला त्यांनी, बेटा. गाय ठीक आहे का, असं विचारलं. मी हो म्हटलं."

सादत त्या दिवशी पहिल्यांदा चारचौघांत रडली.

बाहेर पायरीवर इशेनकुल तिच्या शेजारी येऊन उभा राहिला. "सगिनबायच्या गाडीत बसलो तेव्हा पैशांचं पाकीट घेतलं होतं मी," तो खाली बघून म्हणाला. "तुझा संशय खोटा नव्हता. चाळिसाव्याला माझी पार शोभा केलीस. घरी गेलो, पाकीट उचललं आणि त्याच्या दारात फेकून आलो. मग या म्हाताऱ्याला शोधत पार बालिक्ची शहरापर्यंत फिरलो."

सादतनं डोळे पुसले. "सगळं परत केलंत ना, भावजी?"

"सगळं!" इशेनकुल भडकला, आणि मग त्यालाच हसू फुटलं.

ती हसली नाही. बराच वेळ त्याच्या तोंडाकडे बघत राहिली, मग म्हणाली, "चला घरी. पोरं वाट बघत असतील."

निकाल लागला. सगिनबायनं दर महिन्याला पोरांसाठी रक्कम द्यायची असं ठरलं. ती कधी वेळेवर येत नाही, आणि दर वेळी सादत त्याच्या कचेरीच्या दारात जाऊन बसते. बेकबोलोतला शिक्षा झाली. ती कमी व्हावी म्हणून त्याच्या घरच्यांनी अर्जावर सही मागितली, तेव्हा तिनं तो अर्ज मोठ्या मुलीकडून तीनदा वाचून घेतला आणि मगच केली.

या वसंतात वरच्या गावची एक बाई तिला शोधत आली. तिच्या मुलाला मिनीबसनं उडवलं होतं आणि घरी माफी मागणारे येऊन गेले होते. सादतनं तिला पोटभर खाऊ घातलं, रडू दिलं. मग जवळ सरकून विचारलं, "किती जण आले होते? आणि तुझ्या घरात चहा कोण ओतत होतं, तेवढं आठवून सांग."